डब्याचं तिसरं पान

सोमवार, ४ मार्च

दादाचा बोलका डबा बंद पडला.

दुकानाचं शटर अर्धंच वर केलं होतं, तेवढ्यात वहिनी वाकून आत. हातात डबा, नॅपकिनमध्ये गुंडाळलेला, जणू आतलं काही सांडेल. "भावजी, बघा हो जरा. लावला की दिवा लागतो, टिक् करतो, विझतो. परत टिक्. काल दुपारपासून हेच. घरात नुसत्या टाळ्या चालल्यात!"

दादाला काही हवं असलं की टाळी वाजवतो. दोन म्हणजे इकडे ये, तीन म्हणजे धावत ये. काल म्हणे दहा-बारा एकदम वाजवल्या, वहिनी हातातलं टाकून पळाली — तर कपाटावर पाल! सांगताना हसत होती, पण डोळे सुजलेले.

म्हटलं, "ठेवून जा. दोन दिवसांत देतो."

दोन दिवसांत! उघडून बघायच्या आधीच! माझी जीभ नेहमी माझ्यापुढे धावते आणि मग मी धापा टाकत तिच्यामागे.

मंगळवार, ५ मार्च

डबा उघडला. चार स्क्रू, त्यातला एक झिजलेला. आत धूळ आणि बिस्किटाचा चुरा.

बॅटरी ठीक, स्पीकर ठीक. बिघाड मेमरीत आहे. आठ पायांची चिप, करंगळीच्या नखाहून लहान. तिच्यात सुरुवातीला डब्याचा प्रोग्राम आणि त्याच्या मागे दादाचा आवाज. प्रोग्राम कुठेतरी नासलाय, म्हणून डबा उठतो आणि पडतो. बनवणाऱ्या कंपनीने केव्हाच गाशा गुंडाळलाय. पण एका फोरमवर कुणा भल्या माणसाने प्रोग्रामची चांगली फाइल ठेवली आहे. मग काम सरळ. यूएसबीचा प्रोग्रामर, म्हणजे चिप वाचायचं-लिहायचं यंत्र, लावायचा, चिप वाचून फाइल संगणकात उतरवायची, नासका भाग काढून चांगला बसवायचा, चिप पुसायची, परत लिहायची. लॅपटॉपच्या चिपांवर हे मी आठवड्यातून चारदा करतो. शिट्टी वाजवत.

मग आज शिट्टी का फुटत नाही?

पुढच्या महिन्यात दादाच्या ऑपरेशनला दोन वर्षं होतील. घशातली आवाजाची पेटीच काढली. त्याच्या आधी दोन दिवस दादा इथे दुकानात बसून या डब्यात बोलत होता. मी बटण धरायचं, त्याने बोलायचं. चार पानं, प्रत्येक पानाला सोळा बटणं — बाजूची कळ फिरवली की पान बदलतं आणि तीच बटणं दुसरं बोलतात. पहिल्या पानावर गरजेचं: पाणी दे, दुखतंय, खिडकी उघड. दुसऱ्यावर बाहेरचं: दुकान, बँक, दवाखाना. तिसऱ्यावर घरचं. आणि चौथं म्हणजे त्याच्या भाषेत 'फाजील पान' — टोमणे, टिंगल, गाडी शिकवतानाची वाक्यं. तीस वर्षं ड्रायव्हिंग स्कूलच्या गाडीत शेजारच्या सीटवर बसून ओरडलेला माणूस! "ब्रेक पायाखाली असतो, तोंडात नाही — किंचाळू नकोस, दाब!" हे चौथ्या पानावरचं पाचवं बटण. त्या दोन दिवसांत हसून हसून माझा हात बटणावरून सुटायचा आणि वाक्य परत म्हणावं लागायचं. घसा तेव्हाही दुखत होता त्याचा. तरी परत म्हणायचा.

आवाज थेट डब्यात भरला. दुसरी प्रत नाही. दिवसभर गिऱ्हाइकांना "बॅकअप घेतला होता का?" म्हणून झापणारा मी, आणि दोन वर्षांत हा डबा उघडून एक प्रत काढून ठेवायचं सुचलं नाही. लोकां सांगे ब्रह्मज्ञान, आपण कोरडे पाषाण.

नवी कोरी चिप मागवली आहे. गुरुवारी येईल. जुनीला हात न लावता नवीवर लिहावं, हेच शहाणपणाचं.

बुधवार, ६ मार्च. सकाळी

वहिनीचा फोन. "आज होईल ना हो? रविवारी चिमणीचा फोन असतो."

चिमणी म्हणजे दादाची लेक. वसतिगृहात असते, शेवटचं वर्ष, परीक्षा होऊन निकालाची वाट बघतेय. दर रविवारी दहा वाजता तिचा फोन. दादा तिसऱ्या पानावरचं पहिलं बटण दाबतो — "काय गं चिमणे, जेवलीस का?" — की मग ती अर्धा तास थांबत नाही. दोन वर्षं झाली, दर रविवारी तेच वाक्य. कंटाळत नाहीत दोघंही.

"आज होईल," म्हणून बसलो. परत जीभ!

गुरुवारपर्यंत थांबायला काय झालं होतं मला? पण आता लिहितोय तेव्हा चिपवर क्लिप लावलेली आहे. लाल वायर एक नंबरच्या पायावर. पहिल्यांदा वाचली तर सगळं एफ एफ एफ एफ, म्हणजे काहीच नाही! मग बघितलं, तर क्लिप नीट बसली नव्हती. पाय जुन्या दातांच्या ब्रशने घासले, परत लावली, आला डेटा. सॉफ्टवेअरला चिप ओळखता येत नव्हती, यादीतून निवडा म्हणालं. चिपवरचा नंबर लाखेच्या थराखाली. फोरमवरच्या फोटोत याच डब्याची चिप आठ एमबीची आहे. तीच निवडली.

उस्तादांचा — ज्यांच्याकडे मी हे काम शिकलो त्यांचा — नियम: तीन वाचनं, एक चहा, मग पुसणं. तीन वेळा वाचायचं, तिन्ही फाइली एकमेकींशी जुळवायच्या, मग चहा प्यायचा — म्हणजे घाईची वाफ निघून जाते — आणि मगच पुसायच्या बटणाला हात लावायचा. मी नियमाचा पक्का. तीन वाचली. तिन्ही जुळल्या, एका अक्षराचाही फरक नाही. आता चहा.

बुधवार, दुपारी

बोलला! डबा बोलला!

पुसली, लिहिली, तपासणीची हिरवी पट्टी शेवटपर्यंत गेली. बोर्ड बसवला, बटण दाबलं — "पाणी दे गं जरा." दादा! माझ्या दुकानात, माझ्या टेबलावर! मी एकटाच नाचलो. समोरचा चावीवाला बघत होता, बघेना का. पहिलं पान पूर्ण वाजवलं. दुसरं पूर्ण वाजवलं. "इथेच थांबवा, पुढे वळण आहे" — रिक्षावाल्यासाठी आहे ते. मग तिसरं पान लावलं. पहिलं बटण.

टिक्.

दुसरं. टिक्. सोळाही. चौथं पान लावलं. सोळाही.

बुधवार, चार वाजता

स्पिरिटने लाख पुसली, भिंग लावलं. चिप सोळा एमबीची आहे.

फोरमवरचा डबा छोटा होता. दोनच पानांचा. आमचा चारचा. इतकंच. हे मला सकाळी दिसलं नाही.

तिन्ही वाचनं जुळली, कारण तिन्ही वेळा मी अर्धीच चिप वाचली! अर्धं अर्ध्याशी जुळणारच की! आणि पुसण्याचा हुकूम काही आकार विचारत नाही. वाचली आठ, पुसली सोळा.

तिसरं पान गेलं. चौथं गेलं. पाणी राहिलं, दवाखाना राहिला, आणि दादा गेला. हे वाक्य खोडायला हवं. अभद्र आहे. राहू दे.

गुरुवार, ७ मार्च

उस्तादांकडे गेलो. दुकान उघडायच्या आधीच पायरीवर जाऊन बसलो. वीस वर्षांपूर्वी यांच्याकडेच मी पहिली चिप जाळली होती, तेव्हा ओरडले होते. आज ओरडले नाहीत, त्यानेच मी घाबरलो.

चिप घेतली, स्वतःच्या यंत्रावर लावली, वरचा अर्धा भाग वाचला. पानांमागून पानं एफ एफ एफ एफ. चष्मा कपाळावर चढवून म्हणाले, "पाटी असती तर तिरकी धरून पुसट तरी दिसलं असतं. ही पाटी नाही रे."

"काहीच करता येणार नाही?"

"तीन वाचनं मी शिकवली तुला. माप बघ हे सांगायचं राहिलं माझं." दोष स्वतःकडे घेत होते, आणि ते मला जास्त लागलं. निघताना म्हणाले, "भावाला सांग. लगेच सांग. शिळं झालं की जड जातं."

दुकानात आलो तर कुरियरवाला उभा. नवी चिप. वरातीमागून घोडं!

वहिनीला फोनवर सांगितलं, "एक पार्ट यायचाय." खोटं. खोटं बोलायला मात्र माझी जीभ अडखळत नाही.

शुक्रवार, ८ मार्च

दादाचा आवाज आणखी कुठे असेल ते शोधतोय. दिवसभर दुसरं काम नाही. दोन लॅपटॉप नुसते उघडून ठेवलेत.

फोनवरचे जुने निरोप? दादा आणि व्हॉइस मेसेज! "तोंडावर बोलावं माणसानं, डब्यात काय बोलायचं?" असं म्हणणारा माणूस, आणि नशीब बघा. मेसेज सगळे टाइप केलेले, तेही एका शब्दाचे. 'बरं.' 'नको.' 'ये.' गिऱ्हाइकाशी बोलताना फोन उचलायचा नाही, गाडीत फोन बंद. मावसभावाच्या लग्नाच्या व्हिडिओत दादा सतरा मिनिटं दिसतो आणि सगळा वेळ बँड वाजतोय. चिमणीच्या शाळेच्या कार्यक्रमाच्या व्हिडिओत सापडला एकदाचा — कॅमेरा हातात धरून समोरच्या माणसाला म्हणतो, "अहो, डोकं खाली घ्या की!"

पाच शब्द. ते वीसेक वेळा ऐकले. बत्तीस बटणांतली सत्तावीस भरलेली होती, आणि माझ्याकडे पाच शब्द.

शनिवार, ९ मार्च

वहिनीचे तीन फोन. उचलले नाहीत. जेवण जात नाही.

रविवार, १० मार्च

सकाळी साडेनऊला दादाकडे गेलो. सांगायचंच, असं ठरवून गेलो होतो. चालताना वाक्यसुद्धा पाठ केलं.

दादा खुर्चीत तयार बसलेला. दाढी केलेली, स्वच्छ शर्ट — फोनसाठी! मला बघून वहीवर लिहिलं, "डॉक्टर आले. पेशंट कुठाय?" मी हसलो. पाठ केलेलं वाक्य घशातच राहिलं.

दहाला फोन आला. वहिनीने स्पीकरवर लावला. दादाने दोन टाळ्या वाजवल्या.

"बाबा? डबा कुठाय?"

"दुरुस्तीला दिलाय," वहिनी म्हणाली. "बोल तू, ऐकतायत ते."

बोलली ती. मेस, मैत्रिणी, ऊन, निकालाची भीती. पण मधेमधे थांबायची, उत्तराची वाट बघायची, आणि इकडून नुसता श्वास. चार मिनिटांत म्हणाली, "मग... ठेवू?" मला राहवलं नाही. पुढे होऊन ओरडलो, "चिमणे, काका आहे इथे! निकालाचं काय घेऊन बसलीस!" ती हसली जराशी. फोन बंद झाल्यावरही दादा तो हातात धरून होता. वहिनीने काढून घेतला.

हे मी केलं. पार्ट यायचाय म्हणे!

दाराशी वहिनी हळूच म्हणाली, "भावजी, मघाशी तुम्ही 'चिमणे' म्हणालात ना — मी आत वळले होते — एक क्षण मला वाटलं, हेच बोलले."

लग्न झाल्यावर पहिलं वर्षभर वहिनी फोनवर फसायची. मी बोलतोय की दादा, तिला कळायचं नाही. एकदा तर मला दळण आणायला सांगून मोकळी झाली होती.

घरी येईपर्यंत माझ्या डोक्यात एकच किडा वळवळत होता. लिहायचीसुद्धा लाज वाटते.

सोमवार, ११ मार्च

दुकान बंद ठेवलं. बाहेर पाटी लावली, 'आजारी'.

बटणांवरच्या चिठ्ठ्यांचा कागद माझ्याच अक्षरातला. प्रत्येक बटणाला एक शब्द. 'जेवलीस'. 'तिला'. 'शाब्बास'. 'बारक्या'. बारक्या म्हणजे मी. बटण मीच धरून बसलो होतो, त्यामुळे वाक्यं पाठ आहेत. चोवीस तर शब्दन् शब्द. तीन अंदाजाने.

बाहेरचा आवाज नको म्हणून डोक्यावरून रजई घेतली, डबा मांडीवर, आणि सुरू.

माझा आवाज त्याच्यासारखा आहे पण तो नाही. त्याचा बुडाशी खरखरतो. मी हनुवटी खाली दाबली, छातीतून काढला. 'गं' तो लांबवतो. 'नाही' म्हणताना 'ही' खाऊन टाकतो. फाजील पान सोपं गेलं — ओरडायचंच होतं. "ब्रेक पायाखाली असतो..." ला तर मला स्वतःलाच धक्का बसला. वाटलं, रजईत आणखी कुणी आहे.

तिसरं पान जाईना. 'तिला' या बटणावर होतं — "अगं, बस की जरा. सारखी काय उभी!" वहिनीसाठी. हे मी कसं म्हणू? मला दहावीच्या परीक्षेला सोडायला येणारी बाई ती! नवव्या वेळी झालं. 'जेवलीस' पंधराव्या वेळी. दादाने हसत म्हटलं होतं. माझं प्रत्येक वेळी रडकं येत होतं.

मग 'बारक्या'. "बारक्या, घाबरतोस काय? मी आहे ना." माझ्याच आवाजात, मलाच.

रजईतून बाहेर आलो, तर शर्ट घामाने अंगाला चिकटलेला. चोराला असंच होत असणार.

मंगळवार, १२ मार्च

दिला डबा.

दादाने पहिल्या पानापासून सुरुवात केली. "पाणी दे गं जरा." वहिनी खरंच पाणी घेऊन धावली, मग दोघं हसली. कळ फिरवत फिरवत तिसऱ्या पानावर आला. पहिलं बटण दाबलं. "काय गं चिमणे, जेवलीस का?"

दादा खिडकीकडे बघत होता. परत दाबलं. परत खिडकी. मग वही घेतली, "छान काम केलंस" लिहिलं.

मी चप्पल उलटसुलट घालून पळालो. वहिनी मागून ओरडत होती, "अहो भावजी, चहा!"

गुरुवार, १४ मार्च

नवीच पंचाईत. मला दादाच्या घरात बोलता येत नाही! मी बोललो आणि लगेच डबा बोलला, तर शेजारी शेजारी दोन्ही आवाज ऐकू येणार. कुणीही ओळखेल. आज वहिनीने विचारलं तेव्हा नुसती मान हलवली. पाणी हवं का — मान. बसता का — मान.

"तुम्हाला काय झालं हो? एक गप्प आहे ते कमी आहे का?"

घशाकडे बोट दाखवलं, खोकलो. आता रोज काढा पाठवते. गिळतो. माझ्या कर्माची फळं, कडूच असणार.

रविवार, १७ मार्च

चिमणीचा फोन. मी दाराबाहेर, चपला घालून उभा, पळायच्या तयारीत.

"काय गं चिमणे, जेवलीस का?"

"बाबा! आला डबा!" आणि मग चाळीस मिनिटं. धबधबा. शेवटी म्हणाली, "बाबा, आज आवाज किती स्वच्छ येतोय तुमचा."

भिंतीला टेकलो. पोरगी खूश आहे, वहिनी खूश आहे, मग मी दाराबाहेर का? मी तिच्याकडून तिचे वडील काढून घेतले आणि त्यांच्या जागी स्वतःला ठेवलं, आणि ती माझ्याच आवाजाचं कौतुक करतेय. उस्तादांना तोंड दाखवलेलं नाही. त्यांची गल्ली टाळून लांबून जातो.

बुधवार, २० मार्च

वहिनी चार्जर न्यायला आली होती. सहज म्हणून सांगून गेली, "हल्ली दुपारी गॅलरीत एकटेच डबा घेऊन बसतात. तिसरं पान, चौथं पान. सगळी बटणं एकामागून एक. आधी कधी नाही बसायचे असे."

ऐकलं आणि माझ्या हातातला स्क्रूड्रायव्हर कुठे गेला, मला कळलं नाही. टेबलाखाली सापडला तासाभराने.

एकामागून एक का वाजवतो? मोजतोय? माझ्या त्या तीन अंदाजांवर येऊन थांबत असेल का? ज्याचा आवाज त्याला कळणार नाही असं मी समजलोच कसं! पण कळलं असतं तर लिहिलं नसतं का वहीवर? माझे कान उपटायला दादाला आवाज कधीच लागला नाही. मग कळलं नसेल. पण मग गॅलरीत का?

दिवसभर हेच दळण.

शुक्रवार, २२ मार्च

गिऱ्हाइकाच्या लॅपटॉपची चिप पुसायची होती. तीन वाचनं घेतली. माप चारदा तपासलं. चहा प्यायलो. मग आणखी तीन वाचनं घेतली. तरी पुसेना हात. शेवटी जुनी काढून ठेवली आणि नव्या चिपवर लिहिलं. गिऱ्हाईक म्हणालं, "एवढा वेळ?"

रविवार, २४ मार्च

आज सांगायचंच. उस्ताद म्हणाले ते खरं, शिळं झालं आणि जड झालं. रात्री झोप नाही, दिवसा भूक नाही. आणखी आठ दिवसांत मलाच दवाखान्यात ठेवतील. जोड्याने मारलं तरी चालेल, पण सांगायचं.

पोचलो तर घरात गडबड. चिमणीचा निकाल! पहिला वर्ग! फोन स्पीकरवर, ती तिकडे रडतेय, वहिनी इकडे रडतेय. दादाने घाईने डबा ओढला, चौथं पान, "शाब्बास रे पठ्ठ्या!" — हे गाडी शिकणाऱ्यांसाठी होतं, पहिल्यांदा नीट गिअर टाकणाऱ्याला. माझ्या आवाजात. पोरगी हसली, पण तिचं रडं थांबेना.

मग दादा शोधायला लागला. तिसरं पान, चौथं, परत तिसरं. बोट एका बटणावरून दुसऱ्यावर. दाबायचा, अर्ध्यावर सोडायचा. "अगं, बस की—" "काय गं चिम—" "डोक्यावर पडलायस का—" त्याला जे म्हणायचं होतं ते डब्यात नव्हतंच. चिप धडधाकट असती तरी नसतं. दोन वर्षांपूर्वी कुठे माहीत होतं, पोरगी पहिल्या वर्गात येईल आणि फोनवर रडेल? जेवलीस का, एवढंच माहीत होतं.

शेवटी डबा बाजूला ठेवला आणि टाळ्या वाजवल्या. दोन नाही, तीन नाही. वाजवतच राहिला, हात लाल होईपर्यंत.

अशा वेळी मी काय सांगणार, कप्पाळ! तसाच परत आलो.

सोमवार, २५ मार्च

सांगितलं नाही. भ्याड.

मंगळवार, २६ मार्च

दादा दुकानात आला. एकटा, चालत. डबा काउंटरवर ठेवला, खिशातून घडी घातलेला कागद काढून पुढे सरकवला.

त्याच्या अक्षरात पाच वाक्यं. पहिलं — चिमणे, पहिला वर्ग! मग आता रडतेस कशाला, वेडाबाई? तिसरं वहिनीसाठी — केस पांढरे झाले तुझे या दोन वर्षांत. रंगवू नकोस, चांगले दिसतात. आणि कागदाच्या डोक्यावर, खाली दोन रेघा मारून:

'हीसुद्धा तूच म्हण.'

मान वर केली, तर तो चावीवाल्याच्या दुकानाकडे बघत होता. मी शटर ओढलं. तिसऱ्या वाक्याला सात वेळा थांबलो, प्रत्येक वेळी त्याने बोटाने खूण केली, परत.

तो गेल्यावर फार तहान लागली होती. थंड पाण्याची बाटली तोंडाला लावली, आणि तशीच खाली ठेवली. घसा बसला तर? शेगडीवर कोमट करून प्यायलो.